पगार सरकारचा, कात्रीही सरकारची

पूर्व जर्मनीत चित्रपट काढायचा तर निर्माता एकच, तो म्हणजे सरकार. १९४६ मध्ये सुरू झालेल्या ‘डेफा’ या कंपनीचा स्टुडिओ पॉट्सडॅममधल्या बाबेल्सबर्गला होता. दिग्दर्शक तिथे पगारी नोकर. सिनेमा पडला म्हणून नोकरी जात नसे. पक्षाची मर्जी फिरली की मात्र जाई.

फ्रँक बायर यांनी दोन्ही दिवस पाहिले. प्रागच्या फिल्म स्कूलमध्ये शिकलेल्या या दिग्दर्शकाचा बुखेनवाल्ड छळछावणीवरचा ‘नेकेड अमंग वुल्व्ह्ज’ १९६३ मध्ये गाजला. १९६६ मध्ये आला ‘ट्रेस ऑफ स्टोन्स’. बांधकामावरचा बेलगाम मुकादम आणि विवाहबाह्य संबंधात अडकलेला पक्षसचिव, ही त्याची गोष्ट. चित्रपटगृहांत ठरवून गोंधळ घातला गेला आणि काही दिवसांतच चित्रपट उतरवला. बायर यांची रवानगी ड्रेस्डेनच्या रंगभूमीवर झाली.

परतीची वाट टेलिव्हिजनमधून निघाली. त्यांचा ‘जेकब द लायर’ हा ऑस्कर नामांकन मिळालेला पूर्व जर्मनीचा एकमेव चित्रपट ठरला. तरीही १९७६ मध्ये गायक वोल्फ बियरमान यांचे नागरिकत्व काढून घेतल्याच्या निषेधपत्रावर सही केल्यामुळे बायर पुन्हा अडचणीत आले.

‘ट्रेस ऑफ स्टोन्स’ पुन्हा पडद्यावर आला तो १९८९ मध्ये, बर्लिनची भिंत कोसळल्यावर.