क्षेत्र माहीत आहे, रुंदी माहीत आहे, मग लांबी किती?



आपल्या माणमध्ये आयटी पार्क आला, मेट्रोचा डेपो आला, रस्ते रुंद झाले. कितीतरी जमिनींचे आता पट्टे आणि तुकडे उरलेत. असा तुकडा घेताना, विकताना किंवा त्यात ठिबक टाकताना शाळेतलं एकच सूत्र कामाला येतं.

*क्षेत्रफळ = लांबी × रुंदी*
यातली लांबी हवी असेल तर सूत्र फिरवा:
*लांबी = क्षेत्रफळ ÷ रुंदी*

*१) पट्टा पुरा आहे का?*
समजा सातबाऱ्यावर पोटखराबासह एकूण क्षेत्र 10 आर आहे, म्हणजे 1000 चौरस मीटर. रुंदी रस्त्याच्या बाजूला 22 मीटर, मागे 18 मीटर. सरासरी 20. लांबी हवी 1000 ÷ 20 = 50 मीटर. टेप 46 वरच संपला तर जागेवर 920 चौरस मीटरच आहे. 80 कमी, म्हणजे पाऊण गुंठ्याहून जास्त! आपल्याकडचा गुंठ्याचा भाव बघता हा हिशोब इसार देण्याआधीच करा.

*२) आर म्हणजे गुंठा नव्हे*
गुंठा म्हणजे 33 × 33 = 1089 चौरस फूट. आर म्हणजे साधारण 1076. फरक किरकोळ वाटतो, पण 40 आर आणि 40 गुंठ्यांत तो 500 चौरस फुटांवर जातो. मीटर आणि फूट एका गणितात मिसळू नका.

*३) तिकोनी तुकडा*
क्षेत्रफळ = पाया × उंची ÷ 2. म्हणून *उंची = 2 × क्षेत्रफळ ÷ पाया*.
6 गुंठे म्हणजे 6534 चौरस फूट. रस्त्याची बाजू 110 फूट असेल तर उंची 13068 ÷ 110 = जवळपास 119 फूट. ही उंची रस्त्याला काटकोनात मोजायची, तिरक्या बांधावरून नाही. बांधावरून मोजलं की आकडा मोठा येतो आणि जागा पुरी भरल्यासारखी वाटते.

*४) ठिबकची नळी किती लागेल?*
इथं रुंदीच्या जागी दोन नळ्यांमधलं अंतर घ्या. 20 गुंठे = 21780 चौरस फूट. अंतर 4 फूट असेल तर 5445 फूट, म्हणजे सुमारे 1660 मीटर नळी. 5 फूट ठेवलं तर 4356 फूट, सुमारे 1328 मीटर. एका फुटानं 330 मीटरचा फरक पडतो. पण पिकाला योग्य तेच अंतर ठेवा, नळी वाचवायला ओळी लांब करू नका. जोडणीसाठी थोडी नळी जास्तीची धरा.

*५) विहिरीचा व्यास*
आत उतरायची गरज नाही. कठड्याला बाहेरून टेप गुंडाळा आणि आलेला घेर 3.14 ने भागा. घेर 66 फूट असेल तर व्यास 21 फूट. त्यातून कठड्याची दोन्ही बाजूंची जाडी वजा केली की आतला व्यास मिळतो.

⚠️ टेपची मोजणी आपल्या खात्रीसाठी आहे. हद्दीचा वाद असेल तर भूमी अभिलेख कार्यालयाची मोजणीच ग्राह्य धरतात. टेपनं फरक दिसला तर शेजाऱ्याशी भांडू नका, आधी मोजणीचा अर्ज करा.

आपल्या तुकड्याची मापं आणि सातबाऱ्यावरचं क्षेत्र या मेसेजला उत्तर म्हणून पाठवा. गणित मिळून करू.

— आपला कृषी सल्लागार