क्रेडिटचं मूळ पेन्शनमध्ये!

घरात कुणी कॉलेजात जाणारं असेल, तर ‘या सेमला किती क्रेडिट?’ हे हल्ली कानावर येतंच. नव्या शैक्षणिक धोरणानंतर तर आपल्याकडे क्रेडिटची बँकसुद्धा निघाली. पण हे क्रेडिट मुळात आलं कुठून? एखाद्या थोर शिक्षणतज्ज्ञानं शिकणं म्हणजे काय याचा वर्षानुवर्षं विचार करून ते काढलं असेल, असंच वाटतं ना? छे! त्याचा माग काढत गेलं, की आपण अमेरिकेतल्या म्हाताऱ्या प्राध्यापकांच्या पेन्शनपाशी पोचतो.

पोलादसम्राट अँड्र्यू कार्नेगी १८९० साली कॉर्नेल विद्यापीठाचा विश्वस्त झाला आणि प्राध्यापकांचे पगार पाहून चकित झाला. इतक्या तुटपुंज्या कमाईत म्हातारपणासाठी शिल्लक टाकणार कशी? १९०५ साली त्यानं चक्क एक कोटी डॉलर काढून दिले. कॉलेजातल्या प्राध्यापकांना फुकट पेन्शन!

इथवर सरळ आहे. पण आता सांगा, कॉलेज म्हणजे काय?

हसू नका, त्या काळच्या अमेरिकेत हा खरोखरच अडचणीचा प्रश्न होता. ‘कॉलेज’ अशी पाटी लावलेल्या कित्येक संस्था प्रत्यक्षात हायस्कूलच्या वरच्या वर्गांएवढंच शिकवत. देशाच्या राज्यघटनेत शिक्षणाचा उल्लेखच नाही, त्यामुळे ‘तुम्ही कॉलेज, तुम्ही नाही’ असं बजावण्याचा अधिकार वॉशिंग्टनमध्ये कुणालाच नव्हता. आपल्याकडे पूर्वी गावोगावची पायली वेगळी असायची, तसाच हा मामला.

त्यातच हार्वर्डच्या चार्ल्स एलियटनं भर घातली होती. हा रसायनशास्त्राचा माणूस १८६९ साली वयाच्या अवघ्या पस्तिसाव्या वर्षी हार्वर्डचा अध्यक्ष झाला आणि तब्बल चाळीस वर्षं त्या खुर्चीवर राहिला. तोवर लॅटिन, ग्रीक, गणित असं ठरलेलं ताट सगळ्यांना मुकाट्यानं संपवावं लागे. एलियटनं विषय निवडण्याची मोकळीक दिली. केवढी सुधारणा! पण एकानं वनस्पतिशास्त्र घेतलं आणि दुसऱ्यानं इटालियन, तर दोघं पदवीपुरतं सारखंच शिकले हे ठरवायचं कसं? काहीतरी मोजावं लागणार. आणि गंमत बघा, कार्नेगीच्या पेन्शन संस्थेच्या विश्वस्त मंडळाचा पहिला अध्यक्ष हाच एलियट!

संस्थेचा कारभार मात्र होता हेन्री प्रिचेटच्या हाती, आणि मला या सगळ्या गोष्टीत सर्वांत आवडतो तो हा माणूस. मूळचा खगोलशास्त्रज्ञ. पुढे तो अमेरिकेच्या किनारा-सर्वेक्षण खात्याचा प्रमुख झाला. देशाच्या प्रमाण वजनमापांचं कार्यालय त्याच खात्यात होतं, आणि १९०१ साली जी राष्ट्रीय प्रमाण-मापन संस्था उभी राहिली, तिच्यामागेही प्रिचेटची धडपड होती. वजनमापं सरळ करणाऱ्या माणसासमोर आता अख्खं उच्चशिक्षण येऊन पडलं. तो काय करणार? माप काढणार!

त्यानं अटी घातल्या. किमान सहा पूर्णवेळ प्राध्यापक हवेत. अभ्यासक्रम चार वर्षांचा हवा. कॉलेज कुठल्या चर्चपंथाच्या ताब्यात नको. आणि प्रवेश घेणाऱ्या मुलानं हायस्कूलमध्ये चौदा ‘युनिट’ पुरे केलेले हवेत. एक युनिट म्हणजे एका विषयाचे वर्षभरात वर्गात घालवलेले साधारण १२० तास. अटी मान्य नसतील तर खुशाल नका मानू, फक्त तुमच्या प्राध्यापकांना पेन्शन नाही.

मग जे झालं ते कुठल्याही मंत्र्याला हेवा वाटावा असं. मेन राज्यातल्या बोडन कॉलेजसारख्या संस्थांनी पेन्शनसाठी आपल्या पंथाशी असलेले जुने संबंध तोडले. हायस्कुलांनी वेळापत्रकं युनिटमध्ये बसवली. कायदा नाही, इन्स्पेक्टर नाही, फतवा नाही. नुसता म्हातारपणीच्या पैशांचा मोह!

हे माप कॉलेजात शिरायला किती वेळ लागणार? १९१० साली याच संस्थेसाठी मॉरिस कुक नावाच्या इंजिनियरनं विद्यापीठांची पाहणी केली. हा कारखान्यातल्या कार्यक्षमतेचा जाणकार. त्यानं ‘विद्यार्थी-तास’ नावाचं एकक सुचवलं, म्हणजे एका विद्यार्थ्याचा व्याख्यानातला किंवा प्रयोगशाळेतला एक तास. पुढे तासांचाच हिशेब पदवीचा हिशेब झाला. आज अमेरिकेत आठवड्याला तीन तास चालणारा वर्ग सहसा तीन क्रेडिटचा असतो, मग तिथे कुणी टिपणं काढो की डुलक्या.

पेन्शनचं काय झालं म्हणता? फुकट पेन्शन कार्नेगीच्या कोटीलाही झेपेना. १९१८ साली प्राध्यापकांनीही हप्ते भरायची विमा योजना आली. माप मात्र टिकलं. शंभरेक वर्षांनी खुद्द कार्नेगी संस्थेनंच ते बदलता येईल का, हे तपासायला घेतलं. २०१५ सालच्या अहवालात तिनं कबूल केलं, की या मापानं शिकणं मोजलं जात नाही, वेळ मोजला जातो. पण त्याच्या जागी बसवायला तयार असं दुसरं माप काही तिलाही सापडलं नाही.