डॉक्टर निर्दोष सुटले, आता पुढे काय?

आष्टा आणि आसपासच्या वस्त्यांत आम्हांला एक वाक्य वारंवार ऐकू येते : "कोर्टानं सोडलं, विषय संपला." पण विषय तिथे संपत नाही. उपचारातील हलगर्जीपणाने माणूस दगावल्याचा खटला चालला आणि आरोपी निर्दोष सुटला, तरी मृताच्या वारसांना अपील करता येते.

हा हक्क ३१ डिसेंबर २००९ पासून कायद्यात आहे. आता तो भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४१३ मध्ये आहे. पीडिताला त्यासाठी वेगळी परवानगी लागत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली मल्लिकार्जुन कोडगली प्रकरणात सांगितले. न्यायदंडाधिकाऱ्यांच्या निकालावर अपील सत्र न्यायालयात होते. निकालाची प्रमाणित नक्कल लगेच मागा आणि महिन्याच्या आत अपील दाखल होईल असे पाहा.

मात्र हे काम सोपे नाही. सत्र न्यायाधीश सगळा पुरावा पुन्हा तपासू शकतात, पण त्यातून दोन अर्थ निघत असतील तर सुटका कायम राहते. शिवाय प्रत्येक मृत्यू म्हणजे गुन्हा नव्हे. डॉक्टरांचा हलगर्जीपणा अतिशय गंभीर असला पाहिजे, असे २००५ च्या जेकब मॅथ्यू निकालात म्हटले आहे.

मुंबईचा डॉ. पी. बी. देसाई खटला पाहा. शस्त्रक्रिया १९८७ ची. खालच्या कोर्टात २०११ साली शिक्षा झाली आणि २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने त्यांना निर्दोष सोडले. डॉक्टरांचे वागणे चुकले, पण तो फौजदारी गुन्हा ठरत नाही, असा त्या निकालाचा आशय. वैद्यकीय परिषदेने मात्र त्यांना आधीच ताकीद दिली होती. म्हणजे फौजदारी खटला, परिषदेकडची तक्रार आणि नुकसानभरपाई या तीन वेगळ्या वाटा आहेत. ग्राहक आयोगाची मुदत दोन वर्षांची असते. फौजदारी निकालाची वाट पाहत ती घालवू नका. जिथे सर्वांनाच मोफत उपचार मिळतात, त्या दवाखान्याला मात्र ग्राहक कायदा लागू होत नाही.

अपिलात नवा पुरावा सहसा घेतला जात नाही. त्यासाठी कोर्टाची परवानगी लागते. म्हणून कागद सुरुवातीलाच गोळा करा. केसपेपर, औषधांचा तक्ता, नाडी आणि रक्तदाबाच्या नोंदी, सिस्टरने डॉक्टरांना किती वाजता कळवले ती नोंद, शवविच्छेदनाचा अहवाल. २००२ च्या नियमांनुसार उपचाराची कागदपत्रे मागितल्यापासून ७२ तासांत मिळाली पाहिजेत. अर्ज लेखी करा आणि पोच घ्या.

वकिलाच्या फीला घाबरून घरी बसू नका. १९८७ च्या विधी सेवा कायद्याने महिलांना आणि अनुसूचित जातींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. १९९० च्या दुरुस्तीने बौद्धांनाही अनुसूचित जातीचा दर्जा मिळाला. त्यासाठी जातीचा दाखला जवळ ठेवा. सांगलीच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा किंवा १५१०० वर फोन करा.

बाबासाहेबांनी दिलेले हक्क कागदावर आहेत. ते वापरायलाही कागदच लागतात. ते जपून ठेवा.