‘स्टे’ मिळाला म्हणजे जिंकलो?

औसा-लातूर रोज अप-डाऊन करणाऱ्या दोस्तांनो, एक प्रसंग डोळ्यांपुढं आणा. सीईटीला मार्क चांगले पडलेत, कॅप राऊंड सुरू आहे आणि जात पडताळणी समितीचं पत्र येतं : दावा अवैध! घरात सगळे गप्प. वडील म्हणतात, तहसीलदार साहेबांना भेटू. काका म्हणतात, कलेक्टरकडं अपील टाकू.

यात लाखमोलाचे दिवस जातात. जात प्रमाणपत्राच्या 2000 च्या राज्य कायद्यानुसार समितीचा आदेश अंतिम असतो. त्याला आव्हान फक्त उच्च न्यायालयात, राज्यघटनेच्या कलम 226 खाली देता येतं. आपल्यासाठी ते म्हणजे औरंगाबाद खंडपीठ.

पण बॅग भरण्याआधी कागद गोळा करा. मोबाईलवर आलेल्या फोटोवर थांबू नका. समितीकडं नक्कल मिळण्यासाठी अर्ज द्या आणि आपल्या प्रतीवर तारखेसह पोच घ्या. आदेशाच्या प्रमाणित प्रतीसोबत दक्षता पथकाचा अहवालही मागा. आजोबांचा शाळेचा दाखला का मानला नाही, याची कारणं याच कागदांत असतात. याचिकेत उत्तर द्यायचं ते त्या कारणांनाच.

आता ‘स्टे’. नुसती याचिका दाखल केली म्हणून आदेश थांबत नाही. अंतरिम स्थगिती वेगळी मागावी लागते. कोर्ट साधारण तीन गोष्टी बघतं : प्रथमदर्शनी तुमच्या म्हणण्यात दम आहे का, स्थगिती न दिल्यास भरून न येणारं नुकसान होईल का आणि जास्त गैरसोय कोणाची होईल. म्हणून प्रवेश फेरीचं वेळापत्रक याचिकेला जोडा. शेवटची तारीख दिसली की घाई का आहे, हे वेगळं सांगावं लागत नाही.

समोरच्या बाजूलाही याचिकेच्या प्रती द्या. प्रती न देता आणि त्यांचं न ऐकता स्थगिती मिळाली, तर ती उठवण्यासाठी ते अर्ज करू शकतात. तो अर्ज दोन आठवड्यांत निकाली निघाला नाही, तर कलम 226(3) नुसार स्थगिती आपोआप उठते.

आणि सगळ्यात महत्त्वाचं : स्टे म्हणजे निकाल नव्हे. 2 सप्टेंबर 1994 रोजी सर्वोच्च न्यायालयानं माधुरी पाटील प्रकरणात पडताळणीची पद्धत घालून दिली. ते प्रकरण महाराष्ट्रातल्याच मेडिकल प्रवेशाचं होतं. अशा याचिका उच्च न्यायालयानं शक्यतो तीन महिन्यांत निकाली काढाव्यात, असंही त्यात म्हटलं आहे. 2017 मध्ये त्याच न्यायालयानं स्पष्ट केलं, की दावा शेवटी अवैध ठरला तर त्यावर मिळालेले लाभ टिकत नाहीत. 2000 च्या कायद्यात तर पदवी रद्द होण्याचीही तरतूद आहे. तेव्हा स्टे मिळाला म्हणून पेढे वाटून फाईल कपाटात टाकू नका. पुढची तारीख वहीत लिहा, वकिलांना फोन करत राहा, जुने महसुली आणि शाळेचे पुरावे शोधत राहा.

खर्चाची धास्ती आहे? मुली, तसंच अनुसूचित जाती-जमातीचे विद्यार्थी यांना 1987 च्या कायद्यानं उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. इतर बहुतेकांना उत्पन्नाची मर्यादा आहे. तालुका विधी सेवा समितीकडं चौकशी करा.

तुमच्या वर्गात असं पत्र आलेला कुणी असेल, तर धीर द्याच. पण आधी विचारा, “नकलेचा अर्ज टाकलास का?”