जुन्या घराच्या खिडकीला कापडी पडदा निवडताना

चतुर्थीला आठ-दहा दिवस उरले की गोव्यातील अनेक जुन्या घरांची दारे-खिडक्या उघडू लागतात. मुंबई-पुण्याहून मंडळी येणार म्हणून भिंतींवर रंगाचा हात फिरतो, माटोळीच्या सामानाची जमवाजमव सुरू होते आणि याच घाईत खिडक्यांसाठी नवे पडदे घेतले जातात. सण आटोपतो, घराला कुलूप लागते. दिवाळीत तेच घर पुन्हा उघडावे, तर पडद्याच्या खालच्या काठावर काळे ठिपके आणि अस्तराला कुबट वास. दोष शिंप्याला दिला जातो किंवा दुकानदाराला. वास्तविक कापड वाईट नसते. ते त्या घरासाठी नसते.

हल्ली सरळ झुलणाऱ्या पडद्यांऐवजी घड्या घालत वर ओढायचे रोमन ब्लाइंड आणि नळीवर गुंडाळले जाणारे रोलर ब्लाइंड यांना पसंती मिळते. जुन्या खिडकीला ते शोभतातही. मात्र त्यांचे बहुतेक नमुने सिमेंटच्या सदनिका डोळ्यांसमोर ठेवून बनवलेले असतात आणि चिऱ्याच्या घराचे वागणे निराळे असते. दीड-दोन फूट जाडीची भिंत आणि तिच्यावरचा चुन्याचा गिलावा पावसाळ्यात ओल धरतो व कोरड्या दिवसांत ती हळूहळू सोडतो. गोव्यात वर्षाला सरासरी तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि त्यातला बहुतेक जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत. या काळात हवेतील आर्द्रता ऐंशी टक्क्यांच्या खाली क्वचितच येते. अशा घरात खिडकीची हवा खेळती राहणे ही भिंतीचीही गरज असते. पडदा कसा दिसतो याच्या आधी तो हवा अडवतो का, हे पाहायला हवे.

म्हणूनच ब्लॅकआउट म्हणून विकल्या जाणाऱ्या कापडापासून सावध राहणे बरे. या कापडाच्या मागे फेसासारख्या द्रव्याचे थर चढवलेले असतात. प्रकाश अडतो तो या थरांमुळे, आणि हवाही त्यांच्यामुळेच अडते. जुन्या तावदानांच्या फटींतून आत आलेली दमट हवा पडदा आणि खिडकी यांच्यामध्ये कोंडून राहते. ओल्या पृष्ठभागावर बुरशी धरायला दोन दिवसही पुरतात. काही वर्षांनी तो थर चिकट होतो, सुटू लागतो; मग धुणेही अशक्य. झोपायच्या खोलीत अंधार हवाच असेल, तर बहुतेक जुन्या खिडक्यांना लाकडी झडपा असतातच. त्यांच्या बिजागऱ्यांना तेल देणे पडद्यापेक्षा स्वस्त पडते.

काही खिडक्यांना पडद्याची गरजच नसते, हेही सांगायला हवे. मडगाव, चांदर, लोटली किंवा पणजीच्या फोंतेन्यास भागातील काही घरांत अजून शिंपल्यांची तावदाने टिकून आहेत. काच महाग आणि दुर्मीळ होती त्या काळात चपट्या शिंपल्यांचे चौकोनी तुकडे लाकडी पट्ट्यांत बसवून ती केली जात. त्यांतून येणारा प्रकाश दुधासारखा मऊ असतो; डोळ्यांवर तिरीप येत नाही आणि बाहेरच्याला आतले दिसतही नाही. पडद्याची दोन मुख्य कामे तिथे आधीच झालेली असतात. हा शिंपला आता वन्यजीव संरक्षण कायद्याखाली येतो, त्यामुळे फुटलेला तुकडा बदलणे सोपे राहिलेले नाही. अशा तावदानाला खेटून जड पडदा रोज वर-खाली करणे म्हणजे नसता धोका. पडदा लागतो तो शिंपले जाऊन साधी काच आलेल्या खिडकीला, किंवा जिथे झडपा दिवसभर उघड्या राहतात तिथे.

फोंडा, डिचोली, सत्तरीकडील राजांगणाच्या घरांत अडचण वेगळी. बाहेरच्या भिंतीतील खिडक्या लहान, त्यांना लाकडी गज, आणि झडपा पुष्कळदा आत उघडणाऱ्या. भिंतीच्या खोबणीत, चौकटीच्या आतल्या अंगाला ब्लाइंड बसवला तर झडप त्याला धडकते. मग एकतर झडप कायमची बंद राहते किंवा पडदा कायमचा वर. अशा ठिकाणी तो खोबणीबाहेर, भिंतीवर लावावा आणि खिडकीच्या माथ्यापासून वीस-पंचवीस सेंटिमीटर वर घ्यावा. रोमन ब्लाइंड पूर्ण वर ओढला की त्याच्या घड्यांचा गठ्ठा साधारण तेवढीच जागा व्यापतो. तो माथ्याच्या वर राहिला, तर आधीच कमी असलेला उजेड आणखी कमी होत नाही. कमानीच्या खिडकीलाही हीच युक्ती चालते. कमानीच्या आकारात पडदा शिवून घेण्याचा हट्ट सहसा फसतो.

आता कापड. सर्वसाधारण दमटपणात कापूस आपल्या वजनाच्या सुमारे आठ टक्के बाष्प धरून ठेवतो, लिनन त्याहून अधिक, तर पॉलिस्टर अर्धा टक्काही नाही. एवढ्यावरून पॉलिस्टर श्रेष्ठ ठरवण्याची घाई करू नये. बुरशीला पोसायला कापडावरची धूळही पुरते, आणि घट्ट विणीचे पॉलिस्टर हवा अडवते ते वेगळेच. निर्णय एका प्रश्नावर घ्यावा : घरात बारा महिने माणसे राहतात का? राहत असतील, खिडक्या रोज उघडत असतील, तर सैल विणीचे सुती किंवा हातमागाचे कापड उत्तम. ते ओल धरते तशी सोडतेही, आणि घरी धुता येते. घर वर्षाचे दहा महिने बंद असेल, तर मागे कोणताही थर नसलेले, विरळ विणीचे पॉलिस्टर किंवा सूत-पॉलिस्टर मिश्रण व्यवहार्य. लिनन देखणे खरे. पण ते दमट हवेत सैलावते आणि उन्हाळ्यात आखडते, त्यामुळे पडद्याची लांबी ऋतूप्रमाणे थोडी बदलते. रेशीम उन्हात सर्वांत लवकर विरते. खिडकीवर त्याचा विचारही नको.

अस्तर लावायचेच असेल, तर पांढरे किंवा न रंगवलेले मांजरपाट घ्यावे. बाहेरच्या अंगाला फिक्या रंगाचे अस्तर असले की ऊन काही प्रमाणात काचेतून परत फिरते, आणि विरायचे ते स्वस्त अस्तर विरते, दर्शनी कापड वाचते. कुणबी साडीच्या चौकड्यांचे कापड पडद्यांना लावण्याची आवड अलीकडे वाढली आहे. अस्तराशिवाय ते पश्चिमेच्या खिडकीला लावले, तर लाल रंग विटायला वेळ लागत नाही. दक्षिण आणि उत्तरेच्या खिडक्यांना बहुधा वसरीचे किंवा छपराचे आडोसे असतात. खरा त्रास पूर्व-पश्चिमेचा, कारण तिरपे ऊन कौलांच्या पडवीखालून थेट आत शिरते. खर्च मर्यादित असेल, तर आधी पश्चिमेच्या खिडक्या घ्याव्यात.

सुती कापड आणि अस्तर दोन्ही शिवण्यापूर्वी धुवून घ्यावे, हे शिंपी क्वचितच सांगतात. पहिल्या धुण्यात सूत तीन ते पाच टक्के आटते. दीड मीटर उंचीच्या पडद्यात चार टक्के म्हणजे सहा सेंटिमीटर. अस्तर आणि दर्शनी कापड कमी-जास्त आटले, तर पडद्याला सुरकुत्या पडतात आणि त्या इस्त्रीनेही जात नाहीत. कापडाच्या हिशेबात मात्र रोमन ब्लाइंड परवडतो. मीटरभर रुंद, दीड मीटर उंच खिडकीला पावणेदोन मीटर कापड पुरते. चुण्यांच्या पडद्याला त्याच्या दुप्पट तरी लागते.

जुनी चौकट काटकोनात असेल असे गृहीत धरू नये. रुंदी वर, मध्ये आणि खाली अशी तीन ठिकाणी मोजावी. खोबणीत बसणाऱ्या पडद्यासाठी सर्वांत लहान माप घेऊन दोन्ही बाजूंना एकेक सेंटिमीटर सोडावे. दोन्ही कर्णांच्या मापांत फरक दिसला, तर पडदा खोबणीबाहेर लावणेच शहाणपणाचे, नाहीतर वाकडेपणा रोज नजरेत भरेल. खालचा काठ खिडकीच्या कट्ट्याला टेकू देऊ नये. ओल वर चढते ती तिथूनच.

चुन्याच्या गिलाव्यात थेट ड्रिल मारल्यास तो ढपल्याने सुटतो. सुताराकडून सागवानाची पट्टी करून घ्यावी, ती दोन-तीन ठिकाणी चिऱ्यापर्यंत जाणाऱ्या लांब स्क्रूंनी पक्की करावी आणि पडदा त्या पट्टीवर बसवावा. पडदा पट्टीला वेल्क्रोने जोडला, तर धुवायला काढणे दोन मिनिटांचे काम. स्क्रू पितळेचे किंवा स्टेनलेस स्टीलचे असावेत; खाऱ्या हवेत लोखंडाचा गंज कापडावर उतरतो आणि तो डाग निघत नाही. दोरी गुंडाळायची खुंटी जमिनीपासून दीड मीटरच्या वर असावी आणि दोरीचे फास खाली लोंबकळत ठेवू नयेत. लहान मुलांच्या गळ्याला अशा दोऱ्या अडकून जीव गेल्याच्या घटना अनेक देशांत घडल्या आहेत.

बंद राहणाऱ्या घरासाठी सर्वांत चांगला पावसाळी पडदा म्हणजे पडदा नसणे. मेअखेर सगळे उतरवावेत, धुवून कडक उन्हात वाळवावेत आणि सुती पिशवीत भरून भिंतीपासून दूर, उंचावर ठेवावेत. प्लास्टिकच्या पिशवीत नव्हे. चतुर्थीला येऊन ते पुन्हा लावता येतात आणि परतताना उतरवताही येतात. नवे शिवायचे असतील, तर मापे डिसेंबर ते मार्चच्या दरम्यान घ्यावीत. पावसात लाकडी चौकटी फुगलेल्या असतात.