साहेबांचा शब्द आणि आपली सही



गावातून कालवा जायचा ठरला, की मोजणीची माणसे येतात, खुणेचे दगड लागतात आणि चावडीवर बोलणी सुरू होतात. "तुमची विहीर वगळू, काळजी करू नका," असे एखादे साहेब सांगून जातात. त्या भरवशावर आपण कर्ज काढून पाइपलाइन टाकतो. वर्षाने नोटीस येते, तर विहिरीसकट सगळा गट त्यात! मग त्या शब्दाने सरकारला बांधता येते का?

वकील मंडळी याला 'इस्टॉपेल' म्हणतात. अर्थ सोपा आहे. एकाने शब्द दिला, दुसऱ्याने त्यावर विसंबून पैसा आणि कष्ट घातले, तर पहिल्याला मागाहून शब्द फिरवता येत नाही.

सरकारलाही हे लागू पडते. १८६५ साली मुंबई सरकारने जुन्या मंडया हलवायला लावून नगरपालिकेला दुसरी जागा दिली आणि तिचे भाडे घेणार नाही, असे ठरावात लिहिले. पालिकेने तेथे लाखो रुपये घातले. १९४० मध्ये कलेक्टरांनी त्या जागेवर सारा बसवला. तो बसवता येणार नाही, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने १९५१ मध्ये दिला. पुढे उत्तर प्रदेश सरकारच्या विक्रीकर माफीच्या पत्रावर विसंबून एका कंपनीने वनस्पती तुपाचा कारखाना काढला. सरकारने वचन पाळावे, असे त्याच न्यायालयाने १९७८ मध्ये ठरवले.

या दोन्ही ठिकाणी कागद होता, हे ध्यानात घ्या. म्हणून तीन गोष्टी लागतात :

१. आश्वासन स्पष्ट, लेखी आणि अधिकार असलेल्या अधिकाऱ्याचे हवे. पत्रावर जावक क्रमांक व तारीख बघा. साहेब तोंडी बोलले असतील, तर त्याच आठवड्यात अर्ज देऊन लेखी उत्तर मागा आणि पोच घ्या.

२. त्या शब्दावर विसंबून आपण खर्च केला, याचा पुरावा हवा. कर्जाचे कागद व पावत्या जपून ठेवा.

३. शब्द कायद्याविरुद्ध नसावा. कायद्याने जे करता येत नाही, ते कोणाच्याही शब्दाने होत नाही. मोठे लोकहित आड आले, तर न्यायालय सरकारला शब्दातून मोकळेही करते.

तेव्हा नुसत्या शब्दावर विसंबून हरकतीची मुदत घालवू नका. २०१३ च्या भूसंपादन कायद्यात प्राथमिक अधिसूचनेपासून ६० दिवसांत लेखी हरकत घेता येते. राष्ट्रीय महामार्गाच्या कायद्यात ही मुदत २१ दिवसांचीच आहे.

आता दुसरी बाजू. शब्द जसा सरकारला बांधतो, तशी सही आपल्याला बांधते! पंचनाम्यात बागायतीची जिरायत झाली, झाडे कमी लागली, तर न वाचता सही करू नका. चूक तिथेच लिहायला लावा.

सगळ्यात महत्त्वाचे म्हणजे मोबदल्याचे पैसे घेताना पावतीवर "रक्कम मान्य नाही, हरकत राखून (अंडर प्रोटेस्ट) घेतली" असे लिहा. हे न लिहिता पैसे उचलले, तर २०१३ च्या कायद्याप्रमाणे वाढीव मोबदल्याचा अर्ज करता येत नाही. निवाड्याच्या वेळी आपण हजर असलो, तर हा अर्ज निवाड्यापासून सहा आठवड्यांत करायचा. हजर नसलो, तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांतली जी मुदत आधी संपेल ती धरायची.

वकिलाची फी परवडत नसेल, तर तालुक्याच्या न्यायालयातील विधी सेवा समितीकडे जा. पात्र माणसाला तेथे फुकट वकील मिळतो. जाताना सातबारा, नोटीस आणि पोच घेतलेल्या अर्जांच्या नकला बरोबर न्या.

बियाण्याची पावती आपण पीक हाती येईपर्यंत जपतो. जमिनीचा कागद त्याहून जपावा.