डिझेल गाडीच्या टर्बोचे नियंत्रण : बिघाड कसा ओळखावा व कसा दूर करावा

मे महिन्यात देवगडकडील आंबा भरून एखादी पिकअप गाडी कोल्हापूरच्या बाजारासाठी निघते. सपाटीवर ती नीट धावते. परंतु फोंडा घाटाचा चढ लागताच तिचा दम जातो. चालक कितीही पाय दाबो, वेग वाढत नाही. समोरच्या फलकावर इंजिनाचा पिवळा दिवा लागतो. गाडी थांबवून चावी बंद केली व पुन्हा चालू केली की ती काही अंतर बरी ओढते आणि पुढच्या चढावर पुन्हा तोच प्रकार होतो. पहाटे बाजारात पोचावयाचा माल दुपारी पोचतो. तोवर सौदे उरकलेले असतात आणि उन्हात राहिलेल्या फळाचा भाव उतरलेला असतो.

दुसऱ्या दिवशी गॅरेजमध्ये निदान होते, "टर्बो गेला, नवा बसवावा लागेल." नव्या टर्बोचा खर्च काही हजारांपासून लाखाच्या घरापर्यंत जाऊ शकतो. परंतु असे अनेकदा आढळते की, टर्बो मुळीच बिघडलेला नसतो. बिघडलेले असते ते त्याचे नियंत्रण. पुष्कळदा त्याचे मूळ बोटभर जाडीच्याही नसलेल्या एका रबरी नळीत असते. म्हणून टर्बो बदलण्यास संमती देण्यापूर्वी कोणती तपासणी कोणत्या क्रमाने करावी, याची माहिती प्रत्येक गाडीमालकास असणे अगत्याचे आहे.

टर्बोचे कार्य

डिझेल पूर्णपणे जळावयाचे तर त्यास पुरेशी हवा मिळाली पाहिजे. जितकी अधिक हवा इंजिनात भरता येईल, तितके अधिक डिझेल जाळता येते व तितकी अधिक शक्ती मिळते. इंजिनातून बाहेर पडणाऱ्या धुरात बरीच शक्ती शिल्लक असते. त्या धुराच्या झोताने एक चक्र फिरवावयाचे आणि त्याच दांड्यावर बसविलेल्या दुसऱ्या चक्राने ताजी हवा दाबून इंजिनात भरावयाची, ही टर्बोची मूळ कल्पना होय. स्वित्झर्लंडमधील अभियंता आल्फ्रेड ब्यूखी याने इ. स. १९०५ मध्ये तिचे पेटंट घेतले. आजच्या गाड्यांतील टर्बोचा दांडा मिनिटास एक लाखाहूनही अधिक फेरे घेऊ शकतो व तो तेलाच्या अतिशय पातळ थरावर तरंगत असतो.

नियंत्रण कशासाठी?

इंजिन सावकाश फिरत असताना धूर थोडा असतो आणि वेगाने फिरत असताना पुष्कळ असतो. थोड्या धुरावरही चक्र जोराने फिरले पाहिजे आणि पुष्कळ धूर आला तरी हवेचा दाब प्रमाणाबाहेर जाता कामा नये. या दोन्ही गोष्टी साधण्यासाठी नियंत्रण लागते.

जुन्या व साध्या पद्धतीत टर्बोला एक झडप असते. धरणाला जसा सांडवा, तशीच ही झडप होय. दाब वाढला की ती उघडते व जादा धूर चक्राला वळसा घालून निघून जातो. नव्या पद्धतीत चक्राभोवती फिरत्या पात्यांचे कडे असते. बागेला पाणी देताना नळीच्या तोंडावर अंगठा धरला की धार जोराने व लांब जाते. त्याचप्रमाणे पाती मिटली की धुराचा झोत जोरकस होतो व चक्र वेगाने फिरते; पाती उघडली की झोत सैल होतो.

ही पाती हलविण्याचे काम एक डबा करतो. मिस्त्री त्यास ॲक्चुएटर म्हणतात. डब्यात एक लवचीक पडदा व स्प्रिंग असते. इंजिनावरील व्हॅक्यूम पंप डब्यातील हवा ओढून घेतो, पडदा आत खेचला जातो व त्यास जोडलेली दांडी पाती मिटविते. किती हवा ओढावयाची हे गाडीचा संगणक ठरवितो आणि त्याच्या आज्ञेनुसार सॉलेनॉइड व्हॉल्व उघडझाप करतो.

पंप, नळ्या, व्हॉल्व, डबा, दांडी आणि पाती अशी ही साखळी आहे. तिच्यात कोठेही हवा शिरली की डब्यातील ओढ कमी पडते, स्प्रिंग पाती उघडी ठेवते आणि टर्बो शाबूत असूनही जवळजवळ निकामी ठरतो. या साखळीतील सर्वांत दुबळा दुवा रबरी नळीचा असतो. इंजिनाच्या उष्णतेने ती वाळते, तेलाने फुगते, टोकाशी चिरते. आणि गोठ्याशेजारी किंवा धान्याच्या कोठाराजवळ उभ्या राहणाऱ्या गाडीत उंदीरही ती कुरतडतात.

संगणकास अपेक्षित दाब मिळाला नाही किंवा दाब फार वाढला, तर इंजिनाच्या रक्षणासाठी तो डिझेल कमी करतो व दिवा लावतो. चावी बंद-चालू केल्यावर गाडी तात्पुरती सुधारते ती त्यामुळेच. ही खूण दिसली तर प्रथम नियंत्रणाकडे संशय वळवावा.

लक्षणांवरून अंदाज

(१) गाडी सर्वच गिअरमध्ये मंद वाटते, परंतु टर्बोचा वेगळा आवाज नाही व तेलही कमी होत नाही : डब्यापर्यंत ओढ पोचत नसावी, किंवा पाती उघड्या स्थितीत अडकली असावीत.

(२) चढावर प्रथम जोराने ओढते व मग एकाएकी दम जातो : पाती काजळीने मिटलेल्या स्थितीत अडकून दाब प्रमाणाबाहेर जात असावा.

(३) काळा धूर व दाब देताच सुसकाऱ्यासारखा आवाज : टर्बोपासून इंटरकूलरमार्गे इंजिनाकडे जाणारा मोठा पाइप फाटला असावा किंवा त्याची क्लिप सैल झाली असावी.

(४) निळसर धूर, तेलाचा खप वाढणे, घासल्यासारखा किंवा शिटीसारखा तीव्र आवाज : येथे मात्र खुद्द टर्बोवर संशय घ्यावा आणि गाडी पुढे चालवू नये. टर्बोतून गळणारे तेल इंजिनात जळू लागले, तर चावी बंद करूनही इंजिन थांबत नाही, असा धोका संभवतो.

तपासणीचा क्रम

स्वस्त व सोप्या गोष्टींपासून सुरुवात करून महाग गोष्टींकडे जावे. गाडी सपाट जागी उभी करावी, हातब्रेक ओढावा, चाकांना दगड लावावेत व इंजिन पूर्ण थंड होऊ द्यावे. टर्बोची धुराकडील बाजू अत्यंत तापते. तिला स्पर्श केल्यास गंभीर भाजते.

पहिली पायरी : एअर फिल्टर व डिझेल फिल्टर पाहावेत. शेतरस्त्यांच्या धुळीने हवेची गाळणी बुजली असेल, तर टर्बोचा दोष नसतानाही गाडी ओढत नाही. इंजिनातील तेलाची पातळीही तपासावी.

दुसरी पायरी : हवेचे मोठे पाइप हाताने चाचपावेत, विशेषतः खालची न दिसणारी बाजू. पाइपावर तेलकट ओघळ व त्यास चिकटलेली धूळ दिसली, तर तेथून हवा निसटते असे समजावे.

तिसरी पायरी : एकाने इंजिन चालू करावे व दुसऱ्याने दूर राहून डब्याच्या दांडीकडे पाहावे. पंख्याजवळ व पट्ट्याजवळ सैल कपडे नेऊ नयेत. बहुतेक व्हॅक्यूम पद्धतीच्या गाड्यांत इंजिन सुरू होताच दांडी आत खेचली जाते व बंद केल्यावर परत येते. दांडी हलत नसेल किंवा अर्ध्यावर थांबत असेल, तर दोष नियंत्रणाच्या साखळीत आहे हे निश्चित झाले.

चौथी पायरी : डबा तपासावा. इंजिन बंद व थंड असताना डब्यावरील नळी काढावी, दांडी हाताने आत ढकलून धरावी, नळीचे तोंड बोटाने घट्ट बंद करावे आणि मग दांडी सोडावी. पडदा शाबूत असेल तर दांडी बहुतांशी तेथेच राहते. फाटला असेल तर ती लगेच परत येते. दांडी मुळीच ढकलता येत नसेल किंवा मध्येच अडखळत असेल, तर पाती काजळीने अडकली असण्याचा संभव आहे. ज्या गाड्यांत हे काम विजेची मोटर करते, त्यांत दांडीवर जोर करू नये. आतील दातेरी चक्रे मोडतात.

पाचवी पायरी : पंपाकडील नळी काढून, इंजिन मंद चालू असताना तिच्या तोंडावर बोट धरावे, जोरदार ओढ जाणवली पाहिजे. मापक असल्यास सपाटीवरील प्रदेशात साधारणपणे ६०० ते ७०० मिलिमीटर पारा इतकी ओढ मिळावयास हवी. हाच पंप पुष्कळ गाड्यांत ब्रेकलाही साहाय्य करतो. म्हणून गाडी ओढत नाही आणि ब्रेकही जड लागतो, अशी दोन्ही लक्षणे एकदम दिसली तर गाडी रस्त्यावर मुळीच काढू नये.

सहावी पायरी : पंप चांगला, डबाही चांगला, तर दोष मधल्या नळ्यांत किंवा व्हॉल्वमध्ये असला पाहिजे. प्रत्येक नळी काढून वाकवून पाहावी. सरळ असताना न दिसणारी चीर वाकविल्यावर दिसते. व्हॉल्वला लहान गाळणी असल्यास ती धुळीने बुजली आहे का, विजेचा सॉकेट सैल आहे का, तार कुरतडलेली आहे का हे पाहावे. मागील दुरुस्तीच्या वेळी व्हॉल्ववरील नळ्यांची अदलाबदल झाली असल्यासही हाच बिघाड उद्भवतो.

संगणकाचे संकेतांक

गॅरेजमधील स्कॅनर लावला की संकेतांक मिळतो. पी ०२९९ म्हणजे दाब अपेक्षेहून कमी. पी ०२३४ म्हणजे दाब प्रमाणाहून जास्त. परंतु हे ध्यानात ठेवावे की, संकेतांक लक्षण सांगतो, कारण सांगत नाही. ताप आला हे तापमापक सांगतो. तो हिवतापाचा की अन्य कशाचा, हे वैद्यास शोधावे लागते. केवळ "पी ०२९९ आला" एवढ्यावरून टर्बो बदलण्याचा सल्ला मिळाला, तर मिस्त्रीस नम्रपणे विचारावे, "दांडी हलते का? पंपाची ओढ किती आहे? नळ्या पाहिल्या का?"

दुरुस्ती

चिरलेली नळी बदलताना त्याच आतील व्यासाची, उष्णता व तेल सोसणारी व्हॅक्यूमची नळी घ्यावी. साधी प्लॅस्टिकची नळी उष्णतेने मऊ होऊन आत मिटते. चीर अगदी टोकाशी असेल व नळी पुरेशी लांब असेल, तर टोक कापून ती पुन्हा बसविल्याने घरी पोचण्यापुरते काम होते. धुराच्या तप्त पाइपाजवळून नळी नेऊ नये. फाटलेल्या पडद्याचा डबा बदलावा. अनेक गाड्यांत तो टर्बोपासून वेगळा मिळतो. मात्र तो बसविल्यानंतर दांडीचे माप उत्पादकाच्या पुस्तिकेप्रमाणे जुळविणे आवश्यक असते. काजळीने अडकलेली पाती टर्बो उतरवून साफ करावी लागतात. हे काम अनुभवी कारागिराकडेच द्यावे.

काही गोष्टी कटाक्षाने टाळाव्यात. दांडीवरील नट आवळून "दाब वाढवून देतो" असे कोणी सांगितल्यास मान्य करू नये. प्रमाणाबाहेर वेगाने फिरणारे चक्र फुटून इंजिनाचाच नाश होतो. दाबावर चालणाऱ्या जुन्या पद्धतीत डब्याची नळी काढून टाकणे हेही तितकेच घातक आहे, कारण मग सांडवा उघडतच नाही. दिवा लागू नये म्हणून तार तोडणे म्हणजे राखण करणाऱ्या कुत्र्याचे तोंड बांधण्यासारखे आहे.

निगा

तेल व तेलाचा फिल्टर मुदतीत व योग्य प्रतीचा बदलावा. टर्बोचे आयुष्य मुख्यतः तेलावर अवलंबून असते. इंजिन सुरू केल्यावर अर्धा मिनिट ते मंद चालू द्यावे. घाट चढून आल्यावर एकदम बंद न करता एक-दोन मिनिटे मंद चालवावे, म्हणजे तापलेल्या दांड्याभोवतीचे तेल करपत नाही. केवळ गावातल्या गावात सावकाश फिरणाऱ्या गाडीत काजळी साचते. अशी गाडी अधूनमधून मोकळ्या रस्त्यावर, इंजिन तापल्यावर, योग्य वेगाने चालवावी. हंगामापूर्वी सर्व रबरी नळ्या एकदा वाकवून पाहाव्यात.

सुरुवातीस सांगितलेल्या गाडीकडे पुन्हा पाहू. सपाटीवर थोडी ओढ पुरत होती. चढावर अधिक लागली तेव्हा चिरेतून हवा शिरली, दाब कमी पडला आणि संगणकाने डिझेल आखडते घेतले. अशा गाडीत हातभर नळी बदलणे एवढीच दुरुस्ती पुरेशी ठरू शकते. ग्रामपातळीवरील कार्यकर्त्यांनी गावातील चालक व मालक यांना आंबा, भाजीपाला किंवा द्राक्षे यांचा हंगाम सुरू होण्यापूर्वी एकत्र बोलावून तिसरी व चौथी पायरी एखाद्या गाडीवर प्रत्यक्ष करून दाखवावी. दांडी हलताना ज्याने एकदा पाहिली, तो न तपासता टर्बो बदलून घेण्यास सहसा तयार होणार नाही.